दारूचा गल्ला की सभासदांची वर्गणी: सीबीजीबी आणि ९२४ गिलमन

पंक रॉकच्या इतिहासात दोन पत्ते सारखे समोर येतात. एक न्यूयॉर्कमधलं ३१५ बाउअरी, म्हणजे सीबीजीबी हा क्लब. दुसरा कॅलिफोर्नियातल्या बर्कलीमधलं ९२४ गिलमन स्ट्रीट, म्हणजे गिलमन हा क्लब. फोटोत दोन्ही जागा सारख्याच दिसतात: अंधारी खोली, भिंतीवर स्टिकर आणि मार्करच्या रेघोट्यांचे थरावर थर, बुटकं स्टेज, समोर घामाघूम पोरं. त्यामुळे 'अंडरग्राउंड पंक क्लब' म्हणून दोघांना एकाच माळेत ओवलं जातं. मग एक कोडं सुटत नाही. रमोन्स या बँडला रेकॉर्ड कंपनी मिळाली तेव्हा सीबीजीबीचं नाव झालं, आणि ग्रीन डे या बँडला मिळाली तेव्हा गिलमननं त्यांना दार बंद केलं. असं का? उत्तर हवं असेल तर या जागांचं भाडं कुठल्या पैशातून जायचं ते आधी पाहावं लागतं. वयाची अट, बँडची निवड, नियम, भांडणं, शेवट, सगळं तिथून सुरू होतं.

बार चालवणाऱ्याची जागा

हिली क्रिस्टल हे मुळात बारमालक. बाउअरी म्हणजे तेव्हा मॅनहॅटनमधली दारुड्यांची आणि बेघरांची वस्ती. क्लबच्या वरच्या मजल्यांवर पॅलेस हॉटेल नावाचं स्वस्तातलं निवारागृह होतं. डिसेंबर १९७३ मध्ये क्रिस्टल यांनी आपल्या जुन्याच बारला नवं नाव दिलं. सीबीजीबी ही कंट्री, ब्लूग्रास आणि ब्लूज या तीन प्रकारांची आद्याक्षरं आहेत आणि त्यांना खरोखर तेच संगीत ठेवायचं होतं. त्या वस्तीत त्याला गिऱ्हाईक मिळेना.

दुसऱ्या बाजूला, ३ ऑगस्ट १९७३ रोजी मर्सर आर्ट्स सेंटर ज्या जुन्या हॉटेलच्या इमारतीत होतं ती इमारत कोसळली. न्यूयॉर्क डॉल्ससारखे बँड तिथे वाजवत. स्वतःची गाणी वाजवणाऱ्या नव्या बँडना जागा उरली नाही. टेलिव्हिजन या बँडनं ३१ मार्च १९७४ च्या रविवारी सीबीजीबीत पहिल्यांदा वाजवलं. रमोन्स १६ ऑगस्ट १९७४ ला आले.

क्रिस्टल यांच्या अटी दोनच होत्या. सामान आपलं आपण वाहायचं, आणि गाणी स्वतःची वाजवायची. ही दुसरी अट लोक आजही कलेचा जाहीरनामा समजतात. तिच्यामागे हिशेब होता. बँड दुसऱ्यांची गाजलेली गाणी वाजवू लागले, की जागेच्या मालकाला गीतकार-संगीतकारांच्या हक्कसंस्थेला पैसे भरावे लागतात. स्वतःची गाणी वाजवणाऱ्या बँडमुळे तो खर्च टळायचा. खर्च वाचवायला केलेल्या या अटीमुळे शहरातल्या ज्या पोरांकडे स्वतःची गाणी होती पण स्टेज नव्हतं, ती सगळी एकाच दारात गोळा झाली.

पैशाची वाटणी सोपी होती: दारावरची तिकिटं बँडची, बारचा गल्ला मालकाचा. म्हणजे आपले मित्र घेऊन येणं ही बँडची गरज, आणि ते मित्र दोन-तीन तास पीत बसावेत ही मालकाची. आठवड्याच्या मधल्या दिवशी बार तसाही रिकामाच, त्यामुळे अनोळखी बँडला रात्र देण्यात मालकाचं फारसं काही जात नव्हतं. वीस माणसं आली तरी वीस बिअर जास्त खपल्या. म्हणून तोच बँड पुन्हा पुन्हा लावणं परवडायचं. १९७५ च्या वसंतात गायिका पॅटी स्मिथ आणि टेलिव्हिजन हे दोघं कित्येक आठवडे एकत्र वाजवत होते. एका जागी, त्याच साउंड सिस्टीमवर, आठवड्यामागून आठवडे वाजवल्यावर बँड कसा घट्ट होतो हे ज्यानं ऐकलंय त्याला वेगळं सांगायला नको. क्रिस्टल यांनी साउंड सिस्टीमवर चांगला पैसा घातला होता, हे विसरलं जातं. स्वच्छतागृहाची दुर्दशा जगप्रसिद्ध झाली. पण गायकाचा आवाज स्पष्ट ऐकू यायचा, आणि त्या काळातल्या छोट्या बारमध्ये ही मोठी गोष्ट होती.

या व्यवस्थेत बँड कसा वाजवतो यावर कुणाचंच बंधन नव्हतं. टेलिव्हिजनची गिटार लांबच लांब चालायची, रमोन्सचं गाणं दोन मिनिटांत संपायचं, टॉकिंग हेड्स आखडून, तुटक वाजवायचे, ब्लॉन्डीला पॉपची ओढ. 'पंक' हे लेबल पक्कं झालं ते जानेवारी १९७६ मध्ये त्याच नावाचं मासिक निघाल्यावर, म्हणजे हे सगळे तिथे रुळल्यानंतर. १९७५ च्या उन्हाळ्यात क्रिस्टल यांनी रेकॉर्ड न निघालेल्या बँडचा महोत्सव भरवला, वर्तमानपत्रांचं लक्ष गेलं, कंपन्यांची माणसं यायला लागली. पॅटी स्मिथ यांचा पहिला अल्बम १९७५ अखेर अरिस्टा या रेकॉर्ड कंपनीनं काढला. रमोन्सचा एप्रिल १९७६ मध्ये सायर या कंपनीनं काढला. तो ध्वनिमुद्रित करायला साधारण ६,४०० डॉलर लागले. बँड मोठा झाला की क्लबचं नाव मोठं, नाव मोठं की गर्दी, गर्दी की गल्ला. या साखळीत मोठी कंपनी कुणाचीच शत्रू नव्हती.

सभासदांची जागा

गिलमनची सुरुवात बारच्या अडचणीतून झाली. अमेरिकेत दारूचा परवाना म्हटला की वयाची अट आली, आणि कॅलिफोर्नियात ती २१. पण १९८० नंतर पंकचा श्रोता पंधरा-सोळा वर्षांचा होऊ लागला होता. सॅन फ्रान्सिस्कोतल्या माबुहाय गार्डन्ससारख्या ठिकाणी, जे मुळात फिलिपिनो रेस्टॉरंट होतं, अल्पवयीन पोरांच्या हातावर काळ्या मार्करनं फुली मारून आत सोडायची पद्धत होती, म्हणजे बारवाल्याला कळावं की याला दारू द्यायची नाही. वॉशिंग्टनच्या टीन आयडल्स या बँडची पोरं ती पद्धत बघून घरी गेली आणि तिथल्या क्लबना त्यांनी तीच सुचवली. पुढे ती फुली दारू न पिणाऱ्या पंक पोरांची खूण झाली. पण फुली मारूनही जागा शेवटी बिअरवरच चालत होती. त्यात गर्दीत मारामाऱ्या वाढल्या, डोकं भादरलेल्या, मारामारीला टपलेल्या स्किनहेड टोळ्या शिरल्या.

टिम योहानन १९७७ पासून 'मॅक्सिमम रॉकनरोल' हा रेडिओ कार्यक्रम चालवत होते आणि १९८२ पासून त्याच नावाचं मासिक. मासिकाचा पैसा आणि व्हिक्टर हेडन यांच्यासारख्या साथीदारांची खटपट यातून ३१ डिसेंबर १९८६ च्या रात्री ९२४ गिलमनचं दार उघडलं. गोदामासारखी विटांची इमारत, बार नाही, आणि आत शिरताच दिसतील असे नियम: दारू नाही, अमली पदार्थ नाहीत, हाणामारी नाही, वंशद्वेष नाही, स्त्रीद्वेष नाही, समलिंगी लोकांचा द्वेष नाही. वयाची अट नाहीच.

आत जायला सभासद कार्ड लागायचं, वर्षाची वर्गणी २ डॉलर. तिकीट वेगळं, साधारण ५ डॉलर. दोन डॉलरनं भाडं निघत नाही, मग कार्ड कशाला, असं नवख्याला वाटतं. दारावर उभ्या असलेल्या सतरा वर्षांच्या स्वयंसेवकाची बाजू घेऊन पाहिलं की कार्डाचं महत्त्व कळतं. एखादा माणूस बाटली घेऊन आत आला किंवा त्यानं कुणाला ठोसा मारला, तर त्याच्याशी हुज्जत घालत बसायचं नाही. ज्या नियमांना होकार देऊन कार्ड घेतलं ते मोडले, म्हणून बाहेर. बाउन्सरच्या दंडाची ताकद तिथे सभासदत्वाच्या कराराला दिली होती. शिवाय कार्डधारकाला बैठकीत बोलता यायचं, मत देता यायचं. साउंड, दार, स्टेज, बुकिंग, शेवटी झाडलोट, सगळं पाळीपाळीनं स्वयंसेवकांकडे. नव्या बँडला बुकिंगआधी आपल्या गाण्यांचे शब्द दाखवावे लागत, द्वेषाचं काही आहे का ते तपासायला. सीबीजीबीची अट 'गाणं तुमचं हवं' एवढीच होती. गाण्यात काय म्हणता हे गिलमन विचारायचं. वरवर दोन्ही नियम बँडच्या गाण्यांबद्दलचेच, म्हणून ते एकच समजले जातात.

एका रात्रीचा हिशेब मांडून बघा. आकडे फक्त उदाहरणादाखल. १५० माणसं, तिकीट ५ डॉलर, जमा ७५० डॉलर. सीबीजीबीच्या पद्धतीत हे सगळे बँडचे. भाडं, वीज, नोकरांचा पगार बारमधून. गिलमनच्या पद्धतीत आधी त्या रात्रीचा खर्च वजा होणार, समजा ३०० डॉलर, आणि उरलेले ४५० चार बँडांत वाटले जाणार. गर्दी ६० वर आली की जमा ३००. बँडला पेट्रोलचे पैसेसुद्धा निघत नाहीत. बारच्या जागेत थोडी पण पिणारी माणसं आली तरी रात्र निभते. दारू नसलेल्या जागेला डोकी मोजूनच जगावं लागतं. म्हणून गिलमनमध्ये एका रात्री चार-पाच बँड असत: प्रत्येकानं आपापले तीस-चाळीस मित्र आणले की खर्च निघतो. याचा परिणाम संगीतावरही होतो. वेळ थोडा, बँडची अदलाबदल झटपट, ड्रम किट आणि ॲम्प बऱ्याचदा एकमेकांचे वापरलेले, त्यामुळे छोटी, वेगवान, सोबत ओरडून म्हणता येतील अशी गाणी तिथे जास्त रुजली. ऑपरेशन आयव्ही हा बँड त्याचा उत्तम नमुना. मे १९८७ ते मे १९८९ एवढंच त्यांचं आयुष्य; शेवटचा कार्यक्रम गिलमनमध्येच झाला.

स्वयंसेवक थकतात, हा या पद्धतीचा सगळ्यात मोठा रोग. दोनच वर्षांत, सप्टेंबर १९८८ मध्ये, योहानन यांच्या गटानं हात काढून घेतला. दुसऱ्या सभासदांनी काही आठवड्यांत जागा पुन्हा उघडली. मालक असलेल्या क्लबला हे जमत नाही. मालक गेला की जागा गेली. दुसरा त्रास दाराबाहेरचा. आत दारू नाही म्हणून पोरं कोपऱ्यावर, पार्क केलेल्या गाड्यांमागे पितात, शेजारी तक्रार करतात, आणि नगरपालिकेसमोर उत्तर क्लबला द्यावं लागतं. फुटपाथवर गस्त घालणं हे म्हणूनच साउंडइतकंच महत्त्वाचं काम ठरतं.

मोठ्या रेकॉर्ड कंपनीचा बँड गिलमनमध्ये वाजवू शकत नसे, या नियमाकडे आता पाहू. ग्रीन डे स्वीट चिल्ड्रन या नावानं याच स्टेजवर वाढला आणि १९९३ मध्ये रिप्राइज या मोठ्या कंपनीकडे गेला. नियम त्यांनाही लागू झाला. यामागे नुसता राग नव्हता. वयाची अट नसलेल्या छोट्या खोलीत नावाजलेला बँड आला की दहापट गर्दी, पत्रकार, कंपनीची माणसं. फुकट राबणाऱ्या पोरांना ते पेलत नाही, आणि ज्या नव्या बँडसाठी जागा काढली तेच मागे पडतात. पण नियम जेव्हा लोकांना मापण्याची फूटपट्टी होतो तेव्हा काय घडतं तेही गिलमननं पाहिलं: मे १९९४ मध्ये डेड केनेडीज या पंक बँडचे गायक जेलो बियाफ्रा यांना तिथेच, 'विकला गेलास' असं ओरडत, पायाला गंभीर दुखापत होईस्तोवर मारलं. हिंसेला बंदी असलेल्या खोलीत हे झालं. ही गोष्ट गिलमनच्या चाहत्यांनी झाकू नये. ग्रीन डे पुन्हा त्या स्टेजवर आला तो १७ मे २०१५ ला, आगीत नुकसान झालेल्या दोन संस्थांच्या मदतीसाठी.

दोन्ही पद्धती एकाच शहरात

गोंधळ वाढवणारी आणखी एक गोष्ट म्हणजे सीबीजीबीच्या रविवार दुपारच्या हार्डकोर (पंकचा अधिक वेगवान, आक्रमक प्रकार) मॅटिनी. न्यूयॉर्कमध्ये दारूचं वय १९८२ मध्ये १८ वरून १९ झालं आणि १९८५ मध्ये २१. रविवारी दुपारी बार ओस पडतो, म्हणून ती वेळ सगळ्या वयांच्या पोरांना दिली गेली. तेवढ्यावरून 'सीबीजीबीत वयाची अट नव्हती' म्हणणं चूक आहे. अट होती, रिकाम्या वेळी शिथिल केलेली. मारामाऱ्यांमुळे १९९० च्या सुमारास त्या बंद पडल्या. चालत जाण्याच्या अंतरावर, १५६ रिव्हिंग्टन स्ट्रीटवरच्या एबीसी नो रिओ या कलाकारांच्या जागेत त्याच सुमारास शनिवारची मॅटिनी सुरू झाली. स्वयंसेवकांची, द्वेषाची गाणी म्हणणाऱ्या बँडना मज्जाव करणारी. गिलमनची वाट न्यूयॉर्कमध्ये अशी उघडली.

कार्यक्रमाचं जुनं पत्रक, म्हणजे फ्लायर, हातात आला तर जागा कुठल्या जातीची हे ओळखायला सगळ्यात खालची बारीक ओळ वाचावी. वय छापलं असेल, तर बार आहे. तिकिटासोबत सभासद वर्गणी लिहिली असेल, तर गिलमनचं घराणं. वेळही बघा: पहिला बँड रात्री दहानंतर म्हणजे गल्ला तापायची वाट बघणारी जागा; शाळकरी पोरांना शेवटची गाडी पकडायची असते, म्हणून सभासदांच्या जागेत सुरुवात लवकर होते.

सीबीजीबीचा घरमालक बेघरांसाठी काम करणारी एक संस्था होती. २००५ मध्ये तिनं सुमारे ९१,००० डॉलर थकबाकी मागितली. न्यायालयानं क्लबच्या बाजूनं कौल दिला, तरी भाडेकरार संपला होता, आणि १९,००० डॉलरचं महिन्याचं भाडं जवळपास दुप्पट होणार होतं. १५ ऑक्टोबर २००६ ला पॅटी स्मिथ यांच्या कार्यक्रमानं दार बंद झालं. क्रिस्टल पुढच्याच वर्षी वारले. २००८ मध्ये तिथे जॉन व्हार्व्हेटोस यांचं कपड्यांचं दुकान आलं. त्याच २००६ मध्ये न्यूयॉर्क शहरानं एबीसी नो रिओला त्यांची इमारत १ डॉलरला विकली, कारण ती अनेक वर्षं लढून टिकलेली ना-नफा संस्था होती. खासगी बारला असा व्यवहार कुठलं शहर करत नाही. गिलमन मात्र कित्येक वर्षं भाड्याच्याच जागेत राहिलं, आणि भाडेकराराची तारीख सभासदांच्या मतदानानं पुढे सरकत नाही.