पुयू, क्रिस्ती

पुयू, क्रिस्ती : (३ एप्रिल १९६७– ). रूमानियन चित्रपटदिग्दर्शक व पटकथालेखक. जन्म बूखारेस्ट येथे. रूमानियाचा कम्युनिस्ट हुकूमशहा चाउशेस्कू याची राजवट डिसेंबर १९८९ मध्ये कोसळल्यानंतर ते चित्रकला शिकण्यासाठी जिनीव्हाला गेले आणि तेथेच चित्रपटाकडे वळले.

रूमानियातील २००० नंतरच्या वास्तववादी चित्रपटांना ‘नवी लाट’ म्हणण्याचा प्रघात आहे. तिचा आरंभ कोठून धरावा, याविषयी मात्र मतभेद आहेत. आधीच्या पिढीतील दिग्दर्शक लूचियान पिंतिल्ये यांनी १९६८ च्या सुमारास चित्रित केलेला आणि १९७० मध्ये अल्पकाळ दाखवून दडपण्यात आलेला पुनर्रचना हा चित्रपट काही अभ्यासक तिचे मूळ मानतात. पिंतिल्ये यांच्या निकी आणि फ्लो (२००३) ची पटकथा पुयू व रझ्वान रदुलेस्कू यांनीच लिहिलेली असल्याने हा धागा अगदीच काल्पनिक म्हणता येत नाही. तथापि पिंतिल्ये यांच्या कथेला रूपकाचा पदर आहे, तर पुयू यांचा कॅमेरा घटनेपलीकडचे काही सुचवण्याचे टाळतो. त्यामुळे कोन्स्तान्त्साहून बूखारेस्टला संशयास्पद माल पोहोचवणाऱ्या तरुणांच्या व्हॅनमध्येच बहुतांशी घडणाऱ्या त्यांच्या पहिल्या चित्रपटापासून, म्हणजे माल आणि पैसा (२००१) पासून, गणना करणे अधिक सयुक्तिक वाटते. खुद्द पुयू यांना ‘नवी लाट’ ही संज्ञाच मान्य नाही.

बर्लिन महोत्सवात त्यांच्या लघुपटाला २००४ मध्ये सुवर्ण अस्वल हे तेथील सर्वोच्च पारितोषिक मिळाले. श्री. लाझारेस्कू यांचा मृत्यू (२००५) या सुमारे अडीच तासांच्या चित्रपटाने कान महोत्सवात ‘अँ सेर्तँ रगार’ विभागाचे पारितोषिक पटकावले. त्यात एकट्या राहणाऱ्या आजारी वृद्धाला रुग्णवाहिका एका रात्रीत चार रुग्णालयांत नेते. तोंडाला दारूचा वास येतो म्हणून डॉक्टर त्याच्यावरच डाफरतात. एका ठिकाणी मेंदूतील रक्तस्राव व यकृतातील गाठ यांचे निदान होते, पण शस्त्रक्रियेसाठी जागा नसते. पुढच्या ठिकाणी भान हरपत चाललेल्या त्या रुग्णाकडून संमतिपत्रावर सहीची अपेक्षा केली जाते. खलनायक असा कोणीच नाही, आणि प्रत्येकाचे बोलणे त्या-त्या क्षणी रास्तच भासते. कॅमेरा हातात धरलेला, सलग चित्रणाचे तुकडे लांब. तरीही प्रसंगांची आखणी काटेकोर आहे, त्यामुळे या शैलीला सरसकट माहितीपटासारखी म्हणणे पुरेसे नाही. शीर्षकातील मृत्यू पडद्यावर दाखवलेला नाही.

आउरोरा (२०१०) मध्ये खुन्याची भूमिका त्यांनी स्वतः केली. सिएरानेवादा (२०१६) मध्ये वडिलांच्या स्मरणविधीसाठी जमलेले कुटुंब पाद्री येईपर्यंत जेवणासाठी ताटकळत बसते, आणि कॅमेरा बराच वेळ सदनिकेच्या बोळात उभा राहून उघडमीट होणाऱ्या दारांतून त्यांचे वाद टिपतो. माल्मक्रोग (२०२०) हा रशियन तत्त्वज्ञ व्लादिमीर सोलोव्ह्योव यांच्या लेखनावर आधारित, संवादप्रधान चित्रपट आहे. त्यासाठी त्यांना बर्लिन येथे ‘एन्काउंटर्स’ विभागातील दिग्दर्शनाचे पारितोषिक मिळाले. कोविड महासाथीच्या काळात घडणारा एमएमएक्सएक्स हा चार भागांचा चित्रपट २०२३ मध्ये सान सेबास्तियन महोत्सवात दाखवण्यात आला.