जुन्या स्मार्टफोनमधील अ‍ॅप नजरेआड ठेवण्याच्या सोयी : पार्श्वभूमी

सोलापुरातील मोबाइल दुरुस्तीच्या दुकानांत, मग ते नवी पेठेतले असो की अशोक चौकातले, फुटलेली काच आणि उतरलेली बॅटरी यांच्या जोडीने एक मागणी हमखास येते : अमुक अ‍ॅप फोनमध्ये राहू द्या, पण वर दिसायला नको. मागणी करणारी व्यक्ती कधी महाविद्यालयात जाणारी मुलगी असते, कधी बँकेचे अ‍ॅप नातवंडांच्या बोटांपासून दूर ठेवू पाहणारे आजोबा असतात, तर कधी बचत गटाचा हिशेब सांभाळणारी विडी कामगार बाई असते. फोन बहुतेक वेळा जुना असतो, सहा-सात वर्षे वापरलेला, घरातल्या एकाकडून दुसऱ्याकडे आलेला. ही मागणी साधी वाटते. पण ती पुरवण्यासाठी गेल्या दीड दशकात जे उपाय निघाले, त्यांतले बरेचसे अर्धवट का राहिले आणि पुरे असलेले उपाय या फोनपर्यंत उशिरा का पोहोचले, हे समजून घेण्यासाठी थोडे मागे जावे लागते.

स्मार्टफोन येण्याआधीही फोन सामाईकच होता. २००३ मध्ये बाजारात आलेल्या नोकिया ११०० सारख्या साध्या फोनमध्ये खासगी म्हणावे असे फारसे काही नव्हते : आलेले-गेलेले कॉल, संदेश आणि नंबरांची यादी. जे दुसऱ्याने पाहू नये ते पुसून टाकायचे, एवढाच मार्ग होता. पुढे मेमरी कार्डाचे फोन आले आणि दुकानातून गाणी भरून घेण्याची पद्धत रुळली, तेव्हा कार्ड काढून स्वतःजवळ ठेवणे हा एक नवा आणि खरोखर भक्कम उपाय मिळाला. नोकियाच्या सिम्बियन या प्रणालीवर चालणाऱ्या फोनांपैकी अनेकांत तर कार्डालाच पासवर्ड लावता येत असे. वस्तू फोनबाहेर काढली की फोन कोणाच्याही हाती देता येई. पुढच्या काळात नेमके हेच अशक्य झाले, कारण अ‍ॅप ही हातात धरून बाजूला ठेवण्याची वस्तू नव्हती.

२००७ मध्ये आयफोन आला आणि २००८ मध्ये एचटीसी ड्रीम हा पहिला अँड्रॉइड फोन आला. दोघांनीही एक गोष्ट गृहीत धरली होती : एक फोन, एक मालक. पडद्यावरचे कुलूप उघडले की आतले सगळे त्याचेच, मग आत पुन्हा दारे कशाला, असा तो विचार होता. ज्या समाजात प्रत्येकाच्या खिशात स्वतंत्र फोन असतो तिथे हे चालून जाते. आपल्याकडे कुलूप उघडून फोन दुसऱ्याच्या हाती देणे हाच रोजचा वापर होता आणि मूळ रचनेत त्याला जागाच नव्हती. मला वाटते, पुढच्या सगळ्या इतिहासाचे मूळ या एका गृहीतकात आहे.

अँड्रॉइडच्या बांधणीत मात्र एक फट होती आणि पहिले उपाय तिथूनच आले. अँड्रॉइडमध्ये होम स्क्रीन हेसुद्धा एक अ‍ॅपच असते, ज्याला लाँचर म्हणतात, आणि ते बदलता येते. फोनसोबत आलेला लाँचर पसंत नसेल तर दुसरा घालून होमचे बटण त्याच्याकडे सोपवता येते. होम स्क्रीनवरून आयकॉन काढला तरी सर्व अ‍ॅपच्या यादीत, म्हणजे अ‍ॅप ड्रॉवरमध्ये, तो उरतोच; पण ती यादीसुद्धा लाँचरच रंगवत असल्यामुळे त्यातून हवे ते नाव वगळणे लाँचर बनवणाऱ्यांना अवघड नव्हते. गो लाँचर, एपेक्स, आणि २०११ च्या अखेरीस आलेला नोव्हा यांनी ही सोय लोकप्रिय केली. नोव्हामध्ये ती पैसे भरून घ्यायच्या प्राइम आवृत्तीत होती. सॅमसंगनेही आपल्या गॅलेक्सी फोनांच्या लाँचरमध्ये अ‍ॅप लपवण्याचा पर्याय दिला होता. २०११ मधल्याच अँड्रॉइड ४.० ने फोनसोबत आलेली नको ती अ‍ॅप डिसेबल करण्याची सोय आणली. तिचा हेतू कंपन्यांनी लादलेली अ‍ॅप झोपवणे हा असला, तरी लोकांनी तिचाही उपयोग नजरेआड करण्यासाठी केला.

लाँचरने लपवलेले अ‍ॅप नेमके कुठे जाते, हे जवळून पाहण्यासारखे आहे. ते कुठेच जात नाही. सेटिंग्ज उघडून अ‍ॅपच्या यादीत गेले की त्याचे नाव, आकार आणि त्याला दिलेल्या परवानग्या दिसतात. बॅटरी कशाने खाल्ली या पानावर ते दिसते, प्ले स्टोअरमध्ये शोधले तर त्याच्यापुढे ‘उघडा’ हे बटण येते, आणि त्याची नोटिफिकेशन पडद्यावर पूर्वीसारखीच येत राहते. दुसरा लाँचर निवडला की आयकॉन पुन्हा यादीत हजर होतो. लहान मुलाचे बोट चुकून बँकेच्या अ‍ॅपवर पडू नये यासाठी एवढे पुरेसे असते. जाणूनबुजून शोधणाऱ्यापुढे ते टिकत नाही.

फोटो आणि फाइलींच्या बाबतीत वापरला जाणारा उपाय याहून बराच जुना आहे. ज्या फाइलीचे नाव टिंबाने सुरू होते ती नेहमीच्या यादीत दाखवायची नाही, ही प्रथा संगणकाच्या युनिक्स प्रणालीच्या सुरुवातीच्या काळातली आहे. युनिक्सच्या घडणीत वाटा असलेले रॉब पाइक यांनी लिहून ठेवले आहे की ही सोय मुद्दाम आखलेली नव्हती. यादीतून प्रत्येक फोल्डरमधल्या दोन ठरावीक नोंदी गाळण्यासाठी केलेल्या घाईच्या तपासणीतून टिंबाने सुरू होणारे प्रत्येक नाव गाळले जाऊ लागले आणि मग लोकांनी त्याचाच आधार घेतला. अँड्रॉइडचा गाभा युनिक्सच्याच धर्तीवर बनलेल्या लिनक्सचा असल्यामुळे हा वारसा फोनमध्ये आला. एखाद्या फोल्डरमध्ये ‘.नोमीडिया’ या नावाची, अर्थात रोमन लिपीतली, रिकामी फाइल ठेवली की गॅलरी त्या फोल्डरकडे वळत नाही. व्हॉट्सअ‍ॅप स्वतःच्या पाठवलेल्या चित्रांच्या फोल्डरमध्ये ही फाइल ठेवते, म्हणूनच पाठवलेली चित्रे गॅलरीत गर्दी करत नाहीत. मात्र फाइल मॅनेजरने, किंवा केबलने संगणकाला फोन जोडून पाहिले की सगळे उघडे असते.

नुसते न दिसणे पुरत नाही हे लक्षात आल्यावर कुलपाचा काळ आला. डोमोबाइलचे अ‍ॅपलॉक हे त्यातले सर्वांत जास्त पसरलेले नाव; त्याच्याबरोबर गणकयंत्राचे किंवा आवाज नियंत्रकाचे रूप घेऊन आत फोटो ठेवणारी तिजोरी-अ‍ॅपही आली. हाइड इट प्रो हे अ‍ॅप ‘ऑडिओ मॅनेजर’ या नावाने बसत असे. वरच्या शीर्षकावर बोट दाबून धरले की खरा दरवाजा उघडे. २०१६ मध्ये ५ सप्टेंबरला जिओची सेवा सुरू होऊन डेटा स्वस्त झाला, त्याच वर्षी यूपीआय आले, आणि स्वस्त फोनमध्ये एकाच वेळी करमणूक, गप्पा आणि पैसा असे तिन्ही आले. कुलपांची गरज तेव्हा एकदम वाढली.

या कुलपांची कार्यपद्धती समजली की त्यांचा कमकुवतपणाही समजतो. एक अ‍ॅप दुसऱ्या अ‍ॅपला कुलूप घालू शकेल अशी व्यवस्था अँड्रॉइडने कधी दिलीच नव्हती. म्हणून कुलपाचे अ‍ॅप मागे सतत जागे राहून सध्या समोर कोणते अ‍ॅप आहे हे पुन्हापुन्हा तपासत राही, आणि कुलूप लावायच्या यादीतले नाव दिसताच त्याच्यावर आपला पॅटर्नचा पडदा टाकत असे. अँड्रॉइड ५ ने २०१४ मध्ये हे तपासण्याचा जुना रस्ता बंद केला, तेव्हा वापराची नोंद पाहण्याची वेगळी परवानगी मागावी लागू लागली. त्यावर इतर अ‍ॅपवर चित्र काढण्याची परवानगी, आणि कुलूपच कोणी अनइन्स्टॉल करू नये म्हणून प्रशासकाची परवानगी. एक जीबी मेमरीच्या फोनमध्ये दोन-तीन अ‍ॅप उघडली की प्रणाली जागा मोकळी करण्यासाठी मागची कामे बंद करते, आणि त्यात हे कुलूपही बंद होते. फोन सेफ मोडमध्ये सुरू केला तर बाहेरून घातलेली सगळीच अ‍ॅप निजलेली राहतात, कुलूपही, आणि त्या स्थितीत ते काढून टाकणे सोपे जाते. ज्या मोजक्या गोष्टी झाकायच्या त्यांच्यासाठी फोनमधल्या जवळपास प्रत्येक हालचालीवर एका अनोळखी कंपनीची नजर बसवायची, हा सौदा मला कधीच बरोबर वाटला नाही. त्या परवानगीच्या पानांवर काय लिहिले आहे ते वाचून सांगणारे घरात कोणी नसताना तर मुळीच नाही.

२०२० मध्ये केंद्र सरकारने टप्प्याटप्प्याने चिनी अ‍ॅपवर बंदी घातली, तिचा फटका या अ‍ॅपांनाही बसला. २९ जूनच्या ५९ अ‍ॅपच्या यादीत पॅरलल स्पेस आणि व्हॉल्ट-हाइड होती, तर २ सप्टेंबरच्या ११८ अ‍ॅपच्या यादीत अ‍ॅपलॉक, गॅलरी व्हॉल्ट आणि एपस लाँचर. ज्यांनी आपले फोटो अशा तिजोरीत ठेवले होते, त्यांना ते आधी बाहेर काढा म्हणून सांगणारी कोणतीही व्यवस्था नव्हती. दुकानदारांनी त्यांच्या जागी आणखी कमी परिचित नावे घालून दिली.

खरा उपाय याच्या बराच आधी तयार होता. अँड्रॉइड ४.२ ने २०१२ मध्ये टॅबलेटवर एकाहून अधिक वापरकर्त्यांची सोय दिली, आणि अँड्रॉइड ५ ने २०१४ मध्ये ती फोनवर आणताना पाहुण्याचीही सोय दिली. प्रत्येकाची अ‍ॅप वेगळी, फाइली वेगळ्या, कुलूप वेगळे. एकाच छपराखाली स्वतंत्र खोल्या असाव्यात तशी ही रचना आहे. फोन एका हातातून दुसऱ्या हातात फिरणाऱ्या घरांसाठी याहून योग्य काही नव्हते. पण ही सोय चालू ठेवायची की नाही हे फोन बनवणाऱ्या कंपनीवर सोडलेले होते. प्रत्येक नवा वापरकर्ता साठवणीची जागा आणि मेमरी खातो, म्हणून कमी किमतीच्या अनेक फोनांत ती बंदच राहिली. सॅमसंगने ती टॅबलेटवर ठेवली, फोनवर नाही. त्याऐवजी त्यांचे सिक्युअर फोल्डर, म्हणजे वेगळ्या कुलपाचा कप्पा, २०१७ मध्ये आले, तेही वरच्या किमतीच्या फोनांपासून सुरुवात करून, आणि स्वस्त मालिकांतल्या अनेक फोनांना ते मिळाले नाही. इथे शाओमीचे श्रेय द्यायला हवे : २०१६ च्या एमआययूआय ८ मध्ये, म्हणजे त्यांनी बदललेल्या अँड्रॉइडच्या आवृत्तीत, त्यांनी ‘सेकंड स्पेस’ हा दुसरा कप्पा दिला आणि तो रेडमी नोट ३ सारख्या, दहा हजारांच्या आत सुरू होणाऱ्या फोनवर मिळाला. अँड्रॉइडने स्वतः ‘प्रायव्हेट स्पेस’ आणले ते २०२४ च्या अँड्रॉइड १५ मध्ये. आयफोननेही अ‍ॅपला कुलूप लावून ते लपवण्याची सोय त्याच वर्षीच्या आयओएस १८ मध्ये दिली. जुन्या फोनला या दोन्हींचा उपयोग नाही.

या उशिरामागे एक रास्त कारणही होते. लपण्याची सोय चोरालाही उपयोगी पडते. आपला आयकॉन पुसून मागे जाहिराती चालवणारी अ‍ॅप, आणि बायकोच्या किंवा मुलीच्या फोनमध्ये गुपचूप घातलेली पाळतीची अ‍ॅप, हीच युक्ती वापरत होती. त्यामुळे २०१९ च्या अँड्रॉइड १० पासून स्वतःचा आयकॉन न दाखवणाऱ्या सामान्य अ‍ॅपचाही आयकॉन प्रणाली यादीत आणते, आणि १ ऑक्टोबर २०२० पासून प्ले स्टोअरने संमतीवाचून पाळत ठेवणाऱ्या अ‍ॅपांना मनाई केली. मालकाने एखादे अ‍ॅप लपवणे आणि अ‍ॅपने मालकापासून लपणे यांतला फरक प्रणालीने ओळखायला हवा होता, आणि त्याला वेळ लागला.

सोलापूरसाठी हा विषय कुतूहलापुरता नाही. विड्या वळणाऱ्या बाईची मजुरी खात्यात जमा झाल्याचा संदेश, मुलीच्या प्रवेशाचा ओटीपी आणि मुलाचा खेळ हे सगळे एकाच फोनवर येते, मग ते घर कुंभारीच्या वसाहतीत असो वा शहरातल्या एखाद्या पेठेत. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणाच्या २०१५-१६ च्या फेरीत देशातील सुमारे ४६ टक्के स्त्रियांकडे स्वतः वापरायचा मोबाइल होता; २०१९-२१ च्या फेरीत हे प्रमाण सुमारे ५४ टक्के झाले. म्हणजे जवळपास निम्म्या स्त्रिया फोन वापरत असतील तर तो दुसऱ्याचा. सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायमूर्तींच्या पीठाने २४ ऑगस्ट २०१७ रोजी पुट्टस्वामी खटल्यात खासगीपणा हा मूलभूत अधिकार असल्याचा एकमताने निर्वाळा दिला. हा अधिकार व्यक्तीचा आहे, फोन मात्र घराचा आहे, आणि या दोहोंतले अंतर भरून काढण्याचे काम आजही बहुतांशी दुकानातल्या काउंटरवर होते.

जुने फोन आता आणखी एका कारणाने अडचणीत आहेत. गूगलने ऑगस्ट २०२३ मध्ये अँड्रॉइड ४.४ साठी प्ले सर्व्हिसेसचा, म्हणजे अनेक अ‍ॅप ज्यावर अवलंबून असतात त्या गूगलच्या सेवांचा, आधार थांबवला. १ जानेवारी २०२५ पासून व्हॉट्सअ‍ॅपही त्या आवृत्तीवर चालत नाही. अँड्रॉइड ५ ते ८ चे फोन अजून चालतात, पण त्यांना सुरक्षेची नवी दुरुस्ती येत नाही. अशा फोनवर सेटिंग्जमध्ये ‘वापरकर्ते’ किंवा ‘युजर्स’ असे पान आहे का, हे आधी पाहावे. असेल तर घरातल्या इतरांसाठी पाहुण्याचे किंवा दुसरे खाते काढून देता येते आणि त्यासाठी एकही बाहेरचे अ‍ॅप घालावे लागत नाही. ते पान नसेल तर लॉक स्क्रीनवरील नोटिफिकेशनचा मजकूर झाकणे, बँकेच्या अ‍ॅपचा स्वतःचा पिन कोणाला न सांगणे, आणि व्हॉट्सअ‍ॅपमधले चॅट लॉक वापरणे एवढे हाती उरते. यूपीआय लाइटमधले पिनशिवाय होणारे छोटे व्यवहार सोडले तर यूपीआयचा पिन सहसा प्रत्येक व्यवहाराला वेगळा मागितला जात असल्याने अ‍ॅप उघडे दिसले तरी त्यातून परस्पर पैसे पाठवता येत नाहीत.