मंगळाचे चोवीस महिने: एका रचलेल्या कालगणनेची पार्श्वभूमी

कल्पित जगासाठी कालगणना रचणारे बरेच जण महिन्यांच्या नावांपासून सुरुवात करतात. माझ्या मते सुरुवात आकाशापासून व्हायला हवी. तिथला दिवस केवढा, वर्षात असे किती दिवस बसतात, चंद्र आहे का आणि असलाच तर तो मोजणीच्या कामाचा आहे का, हे आधी ठरलं पाहिजे. या दृष्टीने सर्वांत जास्त शिकवणारी कालगणना मला कथा-कादंबऱ्यांबाहेर सापडली. थॉमस गँगाले या अमेरिकी अवकाश-अभियंत्याने १९८५ साली मंगळासाठी रचलेली ती ‘डेरियन’ कालगणना. ती पाळणारा समाज अजून जन्मालाही आलेला नाही, पण तिच्यामागचं आकाश खरं आहे.

आकाशातल्या गती एकमेकींना पूर्ण भाग देत नाहीत, हे कोडं फार जुनं आहे. बारा चांद्रमासांचे ३५४ दिवस होतात आणि सौरवर्ष ३६५ दिवसांहून थोडं मोठं असतं. त्या अकरा दिवसांच्या फरकापायी आपल्याकडे साधारण तेहतीस महिन्यांनी अधिक महिना येतो. वेदांग ज्योतिष या प्राचीन ग्रंथाने पाच वर्षांचं युग मानलं आणि त्यात १८३० दिवस व ६२ चांद्रमास बसवले. ग्रीकांनी १९ वर्षांत २३५ चांद्रमासांचा मेळ धरला. कालगणनेला तिचा स्वभाव मिळतो तो या उरलेल्या अपूर्णांकांची सोय लावताना.

मंगळावरचा अपूर्णांक तर चांगलाच मोठा आहे. तिथला दिवस, ज्याला ‘सोल’ म्हणतात, २४ तास ३९ मिनिटं ३५ सेकंदांचा असतो आणि वर्षात असे सुमारे ६६८.५९ सोल होतात. अर्ध्याहून जास्त सोल उरतो, म्हणून ६६९ सोलांची वर्षं ६६८ वाल्यांपेक्षा अधिक लागतात. गँगालेच्या नियमात विषम वर्षं आणि दहाने भाग जाणारी वर्षं लांब असतात, म्हणजे दहांत सहा. पृथ्वीवर लीप वर्ष अपवाद असतं, तिथे तोच नियम ठरतो. शतकवर्षांसाठी पुढच्या बारीक दुरुस्त्या आहेत.

मंगळाच्या दोन्ही चंद्रांचा मात्र काही उपयोग नाही. फोबोस ७ तास ३९ मिनिटांत मंगळाभोवती फिरतो. हा वेग ग्रहाच्या स्वतःभोवती फिरण्यापेक्षा जास्त असल्यामुळे तो पश्चिमेला उगवून पूर्वेला मावळतो. डायमॉसला एका प्रदक्षिणेला तीस तासांहून थोडा जास्त वेळ लागतो, त्यामुळे एकदा उगवला की तो दोन दिवसांहून अधिक काळ आकाशात राहतो. फोबोससारख्या ज्या चंद्राच्या कला एका दिवसात तीनदा पुऱ्या होतात, त्यावरून महिना कसा मोजणार? तिथी, पक्ष, अमावास्या यांतलं काहीच मंगळावर टिकत नाही. गँगालेने म्हणूनच चंद्र सोडून दिला आणि वर्षाचे चोवीस महिने केले. पाच महिने २८ सोलांचे आणि सहावा २७ चा, अशी सहा महिन्यांची, १६७ सोलांची फेरी चारदा येते. लांब वर्षी जादा सोल शेवटच्या महिन्याला मिळतो. आठवडा सात सोलांचाच, पण प्रत्येक महिन्याच्या पहिल्या तारखेला तो नव्याने सुरू होतो.

मराठी वाचक या कालगणनेत थबकतो तो महिन्यांच्या नावांपाशी. सॅजिटेरियस, धनुस्, कॅप्रिकॉर्नस, मकर, अ‍ॅक्वेरियस, कुंभ... प्रत्येक राशीचं आधी लॅटिन आणि मग संस्कृत नाव, अशी बारा राशींची चोवीस नावं. सुरुवात धनूपासून होण्याला आकाशातलंच कारण आहे. वर्ष मंगळाच्या उत्तर गोलार्धातल्या वसंतसंपाताला, म्हणजे वसंतात दिवस-रात्र समान होतात तेव्हा, सुरू होतं आणि त्या वेळी मंगळावरून पाहिलं तर सूर्य धनूच्या आरंभाजवळ असतो. आपल्या निरयन, म्हणजे ताऱ्यांच्या संदर्भाने मोजलेल्या, राशी धरल्या तरी हे जुळतं.

इथपर्यंत मला ही रचना सुंदर वाटते. पुढे मात्र ती आकाशाची साथ सोडते. मंगळाची कक्षा चांगलीच लांबट आहे, त्यामुळे सूर्य एक रास कधी ४६ सोलांत ओलांडतो, तर कधी त्याला ६६ च्या आसपास सोल लागतात. उत्तरेतला वसंत १९३ सोलांचा आणि शरद १४३ चा. डेरियन महिने समान असल्याने राशीचं नाव आणि सूर्याची जागा वर्षभर जुळत नाहीत. आपल्याकडे हाच मध्यम (सरासरी गतीच्या) आणि स्पष्ट (प्रत्यक्ष गतीच्या) गणिताचा भेद. भौतिकशास्त्रज्ञ मेघनाद साहांच्या समितीने भारताचं राष्ट्रीय पंचांग आखलं, ते २२ मार्च १९५७ रोजी लागू झालं. त्यात वैशाख ते भाद्रपद हे पाचही महिने सलग ३१ दिवसांचे ठेवले आहेत, कारण त्या काळात सूर्याची गती मंद असते. पृथ्वीची कक्षा जवळजवळ वर्तुळाकार असूनही ही काळजी घेतली गेली. मंगळावर तर तिची गरज कितीतरी जास्त होती. समान महिने व्यवहाराला सोपे हे मान्य, पण राशींची नावं घेतल्यावर सूर्य त्या राशीत असावा, असं मला ठामपणे वाटतं.

वर्षं कुठून मोजायची, हेही बदललं. आधी गँगालेने नासाची व्हायकिंग अवकाशयानं मंगळावर उतरली त्या सुमाराचा, १९७५ च्या अखेरचा आरंभ धरला होता. २००२ साली त्याने तो १६०९ वर नेला. गॅलिलिओच्या दुर्बिणीचा तो काळ, आणि केप्लरने खगोलनिरीक्षक टायको ब्राहेची मंगळाची निरीक्षणं तपासून ग्रहकक्षा लंबवर्तुळाकार असल्याचं मांडलं तेही याच वर्षी. ज्या लांबट कक्षेने हे महिने बिघडवले, तिचाच शोध शून्य वर्षाच्या जागी बसला आहे.

संशोधकांनी मात्र महिनेच टाळले. ते ११ एप्रिल १९५५ पासून मंगळवर्षं मोजतात आणि वर्षातली जागा सूर्याच्या अंशांत सांगतात. वसंतसंपात शून्य अंश, शरदसंपात १८० आणि सूर्य सर्वांत जवळ २५१ अंशांवर. धुळीची मोठी वादळं बहुधा १८० अंशांनंतरच्या अर्ध्यात उठतात, आणि २०१८ मध्ये मंगळावर फिरणारी नासाची ऑपॉर्च्युनिटी गाडी बंद पाडणारं वादळही शरदसंपातानंतर काही दिवसांतच सुरू झालं. नवीन जग रचणाऱ्याने आधी असा अंशांचा तक्ता करावा, कोणत्या अंशाला पाऊस, पूर किंवा वादळ येतं ते त्यात भरावं आणि मग महिन्यांच्या सीमा आखाव्यात.