ब्रनोमधलं काचेचं घर: टुगेंडहाट व्हिला कसा उभा राहिला आणि कसा चालतो

झेक प्रजासत्ताकातलं ब्रनो हे शहर एकेकाळी कापडगिरण्यांचं शहर होतं, इतकं की त्याला मोराव्हियाचं (म्हणजे त्या भागाचं) मँचेस्टर म्हणायचे. लोकरीच्या कापडाचा मोठा धंदा तिथल्या जर्मन बोलणाऱ्या ज्यू कुटुंबांच्या हातात होता, आणि त्यातलीच दोन घराणी म्हणजे टुगेंडहाट आणि ल्योव-बेअर. 1928 मध्ये फ्रिट्झ टुगेंडहाट आणि ग्रेटे ल्योव-बेअर यांचं लग्न झालं आणि ग्रेटेचे वडील आल्फ्रेड यांनी लेकीला लग्नात काय दिलं, तर स्वतःच्या बंगल्यामागच्या चढावरची जागा, वर घर बांधायचा सगळा खर्चही दिला. आज ज्याला व्हिला टुगेंडहाट म्हणतात आणि जे 2001 पासून युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत आहे ते हेच घर.

ग्रेटे आधी काही वर्षं बर्लिनमध्ये राहिली होती, तिथे तिने मीस फान डेर रोहे या आर्किटेक्टने बांधलेलं एक घर पाहिलेलं आणि ते तिच्या डोक्यात बसलं होतं. त्यामुळे आर्किटेक्ट कोण हा प्रश्न तिच्यासाठी सुटलेलाच होता. 1928 संपता संपता मीसने प्लॅन दाखवले. फ्रिट्झला काही गोष्टी पटेनात, उदाहरणार्थ जमिनीपासून थेट छतापर्यंत जाणारे उंच दरवाजे, एवढी उंच लाकडी दारं वाकणार नाहीत का, असं त्याने विचारलं. गिरणी चालवणारा माणूस, प्रश्न बरोबरच होता. त्यावर मीसने सांगितलं की मग मी बांधत नाही. शेवटी दारं उंचच झाली, आणि ग्रेटेने हा किस्सा चाळीसेक वर्षांनी ब्रनोमध्येच एका भाषणात सांगितला. मीसबरोबर लिली राइख ही डिझायनर होती, आतल्या फर्निचरमध्ये आणि पडद्यांच्या कापडांमध्ये तिचा हात मोठा आहे, पण तिचं नाव अजूनही बऱ्याच ठिकाणी गाळलं जातं आणि ते मला खटकतं.

रस्त्यावरून पाहिलं तर हे घर अगदी साधं दिसतं, एकमजली, पांढरं, फार काही नाही. कारण ते उतारावर आहे. रस्त्याच्या पातळीवर बेडरूम आणि मुलांच्या खोल्या, त्याच्या खाली दिवाणखाना आणि त्याच्याही खाली यंत्रांचा मजला. म्हणजे पाहुणा वरून आत शिरतो आणि गोल जिन्याने खाली उतरतो तेव्हा कुठे समोर ती प्रचंड खोली आणि तिच्यापलीकडे बाग आणि शहर उघडं पडतं.

ही खोली 200 चौरस मीटरपेक्षा मोठी आहे आणि आत खोल्या पाडणाऱ्या नेहमीसारख्या भिंती नाहीत. हे शक्य झालं ते पोलादी सांगाड्यामुळे. आपल्या जुन्या वाड्यात किंवा दगडी बंगल्यात वरच्या मजल्याचं वजन भिंती पेलतात, म्हणून भिंत जाड ठेवावी लागते आणि खिडकी लहान. इथे सगळं वजन पोलादी खांब घेतात, मग भिंतीला काही कामच उरत नाही, ती काचेची केली तरी चालते. आज प्रत्येक टॉवर असाच उभा राहतो पण 1929-30 मध्ये राहत्या घरासाठी असं करणं अगदीच दुर्मिळ होतं.

खांबांचा आकारही बघण्यासारखा आहे. एल आकाराच्या चार पोलादी पट्ट्या पाठीला पाठ लावून जोडल्या की वरून बघताना अधिक चिन्हासारखा छेद मिळतो. बारीक खांबावर वजन आलं की तो चेपला जाण्याआधी बाजूला वाकून निकामी होण्याचा धोका जास्त असतो, आणि वाकणं थांबवायचं तर धातू मध्यभागापासून लांब, चारी दिशांना पसरलेला हवा. हा आकार नेमकं तेच करतो, शिवाय कमी धातूत. त्यावर मीसने क्रोमचा चकचकीत पत्रा चढवला. त्यात बाग, पडदे, माणसं असं सगळं तुकड्या-तुकड्याने दिसतं आणि खांब डोळ्याला जवळजवळ विरघळल्यासारखा वाटतो.

आता काच. बागेच्या बाजूने जमिनीपासून छतापर्यंत काचच काच आहे आणि त्यातल्या दोन अवाढव्य काचा बटण दाबलं की मोटरने खाली, थेट तळमजल्यात उतरतात, अख्ख्याच्या अख्ख्या, आणि दिवाणखान्याचा व्हरांडा होतो. वजनाचा अंदाज घ्यायचा तर 10 मिलिमीटर जाडीच्या काचेचा एक चौरस मीटर तुकडाच 25 किलो भरतो, आणि या काचा कितीतरी चौरस मीटरच्या आहेत. खाली तेवढी उंच मोकळी जागा नसती तर हे जमलंच नसतं.

पण ब्रनो म्हणजे काही नाशिक नाही, तिथे हिवाळ्यात बर्फ पडतो. एवढ्या काचेच्या घरात माणूस गारठणार नाही का? काचेजवळची हवा थंड होते, थंड हवा जड म्हणून ती काचेलगत खाली घसरते आणि जमिनीवरून पायांकडे येते, बंद खोलीतसुद्धा वारा सुटल्यासारखं वाटतं. यावर उपाय म्हणून काचेच्या पायाशी क्रोम केलेले गरम नळ बसवले. तिथून गरम हवा वर चढते आणि खाली घसरणारी थंड हवा तिथल्या तिथे अडते.

खरी करामत मात्र यंत्रांच्या मजल्यावर आहे. बाहेरची हवा आत ओढायची, पाण्याच्या फवाऱ्यातून धुवायची, गाळायची, हवी तर तापवायची आणि मग पंख्याने दिवाणखान्यात सोडायची अशी अख्खी व्यवस्था तिथे आहे. उन्हाळ्यात ती विदर्भातल्या वाळ्याच्या कूलरसारखं काम करते. पाण्याची वाफ व्हायला उष्णता लागते, एक लिटर पाणी वाफ होताना हवेतून साधारण 2,400 किलोज्यूल उष्णता खेचून घेतं, तेवढी हवा गार होते. हिवाळ्यात तोच फवारा वेगळ्या कारणासाठी लागतो. शून्य अंश तापमानाची हवा एका घनमीटरमध्ये जेमतेम 5 ग्रॅम बाष्प धरू शकते आणि 20 अंशांची हवा 17 ग्रॅमच्या वर. म्हणजे बाहेरची ओलसर थंड हवा नुसती तापवून आत सोडली तर तिची सापेक्ष आर्द्रता तीस टक्क्यांच्याही खाली येते, घसा सुकतो, लाकूड तडकतं. फ्रिट्झला ज्या उंच दारांची काळजी होती ना, त्यांच्यासाठीसुद्धा हवेतला ओलावा टिकवणं गरजेचंच होतं.

याच मजल्यावर फ्रिट्झची फोटो धुवायची डार्करूम होती (फोटोग्राफीचा त्याला भारी नाद), लाँड्री होती, आणि लोकरीच्या धंद्यातल्या घराला शोभेल अशी फरचे कोट कसरीपासून जपायची स्वतंत्र खोलीही होती.

या घराबद्दल लिहायचं आणि ऑनिक्सच्या भिंतीबद्दल नाही असं होऊच शकत नाही. दिवाणखान्यात बसायची जागा आणि अभ्यासिका यांच्यामध्ये मोरोक्कोच्या ॲटलास पर्वतातून आणलेल्या मधाच्या रंगाच्या दगडाची एक भिंत उभी आहे. ती काहीही पेलत नाही, नुसती उभी आहे. हिवाळ्यात संध्याकाळी सूर्य खाली आला की ती मागून लालसर उजळते. दगड आणि प्रकाश आरपार? तर हा थरांथरांनी साचलेला कॅल्साइटसारखा खनिज दगड आहे, त्यात शिरलेला प्रकाश सगळाच शोषला जात नाही, आतल्या आत विखुरत थोडा पलीकडे निघतो. हिवाळ्यातच का, याचं उत्तर खगोलात आहे. ब्रनो 49 अंश उत्तरेला आहे, तिथे डिसेंबरच्या शेवटी भर दुपारीसुद्धा सूर्य क्षितिजापासून फक्त 17 अंश वर असतो (मुंबईत त्याच दिवशी तो 47 अंशांच्या वर असतो) आणि मावळतो तो जवळजवळ नैऋत्येला. घराची काचही नैऋत्येच्या बाजूला, त्यामुळे मावळतीचे किरण आडवे, खोलवर आत येऊन थेट दगडावर पडतात. उन्हाळ्यात तो वायव्येला मावळतो, म्हणून तेव्हा हा प्रकार नाही.

घर पूर्ण झालं 1930 च्या अखेरीस आणि लगेच जर्मन मासिकात वाद पेटला की असल्या घरात माणूस राहू तरी शकतो का, एवढी शिस्तीची, भपक्याची जागा म्हणजे घर की प्रदर्शन. ग्रेटे आणि फ्रिट्झ दोघांनी लेखी उत्तर दिलं की आम्हाला इथे मोकळं वाटतं. मला त्यांचं म्हणणं जास्त पटतं, राहणारे तेच होते.

राहायला मात्र आठ वर्षंसुद्धा पुरती मिळाली नाहीत. 1938 मध्ये नाझी येणार हे दिसायला लागल्यावर कुटुंब स्वित्झर्लंडला आणि तिथून 1941 मध्ये व्हेनेझुएलाला गेलं. ज्यांनी हे घर लेकीला दिलं त्या आल्फ्रेड यांचा 1939 मध्ये देशाबाहेर पडतानाच मृत्यू झाला. घर गेस्टापोने, म्हणजे नाझींच्या गुप्त पोलिसांनी, जप्त केलं. पुढे तिथे विमानाच्या इंजिनांच्या कंपनीचा कारभार चालला, 1945 मध्ये सोव्हिएत सैन्याचे घोडे त्या दिवाणखान्यात बांधले गेले, मग काही वर्षं नृत्यशाळा, मग पाठीच्या कण्याचे आजार असलेल्या मुलांचं व्यायाम-उपचार केंद्र. त्या मुलांचे फोटो बघताना मला नेहमी वाटतं की घोड्यांनंतर त्या खोलीला हे फार चांगलं काम मिळालं, ऊन भरपूर, जागा भरपूर, मध्ये भिंत नाही. ग्रेटे 1967 मध्ये घर बघायला परत आली होती. 26 ऑगस्ट 1992 ला याच घरी झेक पंतप्रधान व्हाक्लाव्ह क्लाउस आणि स्लोव्हाक पंतप्रधान व्लादिमीर मेचियार भेटले आणि चेकोस्लोव्हाकियाचे दोन देश करायचं ठरलं.

जेवणाच्या टेबलामागे मकासार एबनी या गडद पट्ट्यांच्या लाकडाची अर्धगोल भिंत होती, ती युद्धात गायब झाली आणि सगळ्यांनी ती नष्ट झाली असंच धरलं होतं. 2011 मध्ये तिचे तुकडे ब्रनोच्याच मासारिक विद्यापीठाच्या लॉ फॅकल्टीच्या कँटीनमध्ये भिंतीला लावलेले सापडले! युद्धात त्या इमारतीत गेस्टापोचं ऑफिस होतं. इतकी वर्षं विद्यार्थी त्या लाकडाशेजारी बसून जेवत होते. 2010 ते 2012 च्या मोठ्या जीर्णोद्धारात ते पुन्हा जागेवर बसवलं.

आता घर लोकांसाठी खुलं आहे, पण आत एका वेळी थोडीच माणसं सोडतात आणि तिकिटं महिनोन्‌महिने आधी संपतात, त्यामुळे प्राग-व्हिएन्नाची ट्रिप ठरवत असाल तर ब्रनो वाटेतच पडतं, बुकिंग आधी बघा आणि यंत्रांचा मजला दाखवणारी मोठी टूर घ्या, वरची खोली फोटोत दिसते पण ती राहण्यासारखी कशामुळे झाली ते खालीच कळतं.