कोरवै (वाचणं आणि बसवणं)

कोरवै म्हणजे कर्नाटक संगीतातली आधीच बांधून ठेवलेली लयीची रचना, मृदंगाच्या तनि आवर्तनात म्हणजे सोलोत शेवटाला हमखास येणारी. तिचा शेवटचा तुकडा तीनदा येऊन समेवर किंवा गाण्याचे बोल जिथून उठतात तिथे, म्हणजे एडुप्पुवर, नेमका पडतो. तबलेवाल्यांना तिहाई आठवेलच, फक्त कोरवैत तिहाईच्या आधीही बराच मजकूर असतो.

कागदावर नुसते बोल लिहिलेले असतात. स्वल्पविराम म्हणजे एक मात्रा थांबा, अर्धविराम म्हणजे दोन, बोलांवर आडवी रेघ असली की दुप्पट लय आणि दोन दंड आले की आवर्तन संपलं. हे समजायला एक संध्याकाळ पुरते, पण ते समजलं म्हणजे कोरवै आली असं अजिबात नाही.

आदितालाचं एक आवर्तन घ्या, ८ अक्षरं (म्हणजे तालाचे ठोके), प्रत्येकी ४ मात्रा, एकूण ३२. त्यात 'त दि गि न तोम' (५ मात्रा) दोनदा, मग १ मात्रा रिकामी, असं तीनदा म्हणायचं, शेवटची रिकामी मात्रा सोडून, म्हणजे १०+१+१०+१+१० बरोबर ३२. आता हाताने ताल धरा (टाळी, करंगळी, अनामिका, मधलं बोट, मग टाळी, उलटा हात, टाळी, उलटा हात, अशी आठ अक्षरं): पहिली फेरी टाळीवर सुरू होते, दुसरी अनामिकेच्या शेवटच्या मात्रेवर आणि तिसरी पहिल्या उलट्या हाताच्या मधोमध, आणि इथेच नवशिक्यांचा हात तोंडाच्या मागे धावायला लागतो. रिकाम्या मात्रा गिळल्या की दोन मात्रा आधीच सम येते. या थांब्यांना कार्वै म्हणतात, आणि खरा रियाज त्यांचाच असतो.

म्हणून आधी तोंडाने म्हणायचं (त्याला कोन्नकोल म्हणतात), हातात ताल सतत चालू ठेवून, आधी विलंबित, मग दुप्पट, मग चौपट, वाद्य त्यानंतर. मेट्रोनोम अ‍ॅप चालतं पण हाताला पर्याय नाही, कारण अ‍ॅप टाळी आणि करंगळीतला फरक सांगत नाही.

मराठी माणसाला यात परकं वाटायचं कारण नाही, तंजावरवर १८५५ पर्यंत भोसल्यांचं राज्य होतं आणि तिथल्या मृदंग घराण्यात नारायणस्वामी अप्पा या मराठी वादकाचं नाव मोठं आहे.

पुढची पायरी नडै, म्हणजे एका अक्षरातल्या मात्रांची संख्या, बदलायची. तिस्र नडैत अक्षराला ३ मात्रा, म्हणजे आवर्तन २४ चं, तिथे वरची ३२ ची कोरवै एकदा म्हटली तर समेवर येत नाही, पण लागोपाठ तीनदा म्हटली की ९६ मात्रा होतात आणि चार आवर्तनं चोख भरतात.