निसर्गपट-संकलक

माहितीपट व निसर्गपट यांसाठी चित्रित झालेल्या साहित्यातून गोष्ट उभी करणारा तंत्रज्ञ. कथापटाच्या संकलकाच्या हाताशी पटकथा असते. याच्यापुढे बहुतेकदा नुसते रशेस, म्हणजे न कापलेले कच्चे चित्रण असते, आणि बिबट्याला ‘जरा परत चालून दाखव’ म्हणायची सोय नसते. निसर्गपट बराचसा लिहिला जातो तो शूटिंग उरकल्यावर, एडिट रूममध्ये.

मुंबईत माहितीपटाचे संकलन रुजले ते १९४८ साली स्थापन झालेल्या, केंद्र सरकारच्या फिल्म्स डिव्हिजन या संस्थेमुळे. तिचे माहितीपट व वृत्तपट मुख्य चित्रपटाआधी दाखवणे चित्रपटगृहांना बंधनकारक असे, त्यामुळे पेडर रोडवरच्या संकुलात कात्री थांबत नसे. ३५ मिमीची हजार फुटांची रीळ जेमतेम ११ मिनिटे चाले, म्हणून कॅमेरामन फूट मोजून चित्रण करी. डिजिटल कार्डांनी तो धाक घालवला आणि त्याचा भार संकलकाच्या डोळ्यांवर पडला. २०२२ मध्ये फिल्म्स डिव्हिजन ही संस्था राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाली.

या व्यवसायात कुणी पुण्याच्या फिल्म संस्थेत संकलन शिकून येतो, कुणी थेट असिस्टंट म्हणून लागतो. कार्डांच्या प्रती काढणे, आवाज सिंक करणे (चित्राशी जुळवणे), शेकडो तुकड्यांना तारीख-जागा-प्राणी अशी नावे देणे, ही पहिली काही वर्षे. काम रटाळ खरे, पण कोणता शॉट कुठे आहे हे पाठ असणारा असिस्टंटच पुढे संकलक होतो. घरभाडे बहुधा जाहिराती आणि कॉर्पोरेट फिल्म्स भरतात.

कसब कुठे लागते, हे शिवडीच्या खाडीवरच्या रोहित (फ्लेमिंगो) पक्ष्यांच्या दृश्यात दिसते. पक्षी चिखलात चरतात ते ओहोटीला. आठवडाभर टिपलेले शॉट एका सकाळचे म्हणून जोडताना मागच्या पाण्याची रेघ सांभाळावी लागते. पाणी एका शॉटात वर, पुढच्यात खाली, पुन्हा वर गेले, तर एखादा कोळीदादा बघूनच हसेल. दुरून लांब लेन्सने टिपलेल्या पक्ष्याच्या पंखांचा आवाज सहसा मिळतच नाही, तो नंतर घातला जातो. इथे घसरणे सोपे: डिसेंबरच्या सकाळी मागे पावसाळ्याच्या तोंडावर ओरडणाऱ्या पावशाची ‘पेरते व्हा’ ऐकू आली की जाणकार तिथेच चित्रपट सोडतो.

बिबट्याच्या बाबतीत चूक आणखी बारीक असते. संजय गांधी राष्ट्रीय उद्यानातले बिबटे अभ्यासक अंगावरच्या ठिपक्यांवरून ओळखतात, आणि डाव्या-उजव्या कुशीची नक्षी वेगवेगळी असते. दोन बिबट्यांचे शॉट एकाच्या नावावर खपवले, तर ठिपके चुगली करतात. चालण्याची दिशा जुळावी म्हणून शॉट आरशासारखा उलटवणे ही कथापटातली नेहमीची युक्ती. इथे ती केली की पडद्यावर जगात नसलेला बिबट्या चालू लागतो.