‘आपण पाहतो म्हणून विश्व आहे’ हे विज्ञानाने सिद्ध केलंय?

अध्यात्मावरच्या व्याख्यानांत हे हमखास ऐकू येतं: कोणी पाहत नसेल तर इलेक्ट्रॉन लहरीसारखा वागतो, पाहिलं की कणासारखा; म्हणजे जाणिवेनेच विश्व घडतं. पहिला भाग ढोबळमानाने ठीक. गडबड ‘म्हणजे’पासून सुरू होते.

घोळ ‘निरीक्षण’ या शब्दाचा आहे. पुंजभौतिकीत (क्वांटम फिजिक्समध्ये) निरीक्षण म्हणजे डोळ्यांनी बघणं नव्हे. कण दोन बारीक फटींतून सोडले, की पलीकडच्या पडद्यावर लहरींसारखा पट्टेदार नमुना उमटतो. पण कण कोणत्या फटीतून गेला याची खूण कुठेही उमटली, की तो नमुना पुसला जातो. ती खूण वाचायला माणूस लागत नाही. व्हिएन्नातल्या संशोधकांनी 70 कार्बन अणूंचे रेणू लेझरने तापवून बारीक फटींच्या जाळ्यांतून सोडले. निष्कर्ष 2004 मध्ये प्रसिद्ध झाले. तापलेले रेणू वाटेत प्रकाशकण सोडतात. जितकं तापवावं तितका नमुना फिका पडत गेला. तो प्रकाश कोणीही पाहत नव्हतं! रेणूचा ठावठिकाणा भोवतालाला ‘कळला’, एवढं पुरलं.

हा समज निव्वळ बुवाबाजीतून आला असंही नाही. भौतिकशास्त्रज्ञ यूजीन विग्नर यांनी 1961 मध्ये जाणिवेला खरोखरच ही भूमिका देऊ केली होती. पुढे त्यांनी स्वतःच ती सोडली, हे मात्र व्याख्यानांत कोणी सांगत नाही.

मोजमापाच्या क्षणी नेमकं काय घडतं, यावर शास्त्रज्ञांत आजही एकमत नाही. आणि अद्वैत जाणिवेला मूलतत्त्व मानतं ते उपनिषदांच्या आणि तर्काच्या आधारावर; शंकराचार्यांना इलेक्ट्रॉनची साक्ष काढावी लागली नव्हती.